सोसायटीच्या ऑफिसातला जुना लॅपटॉप: भंगारात द्यावा की दुरुस्त करावा?

हिशेबनीस
ऐरोलीतल्या आमच्या सोसायटीच्या ऑफिसात एक जुना लॅपटॉप आहे. कमिटीत दोन तट पडलेत. एक म्हणतो भंगारात द्या, दुसरा म्हणतो रॅम टाका आणि वापरा. दोन्ही बाजू ठाम, दोन्हीकडे माहिती शून्य. म्हणून हा धागा.

मशीन असं आहे: इंटेल आय३-४००५यू, ४ जीबी डीडीआर३एल रॅम, १ टीबीची ५४०० आरपीएमची हार्ड डिस्क, विंडोज १० होम, २२एच२ (विंडोज १० ची शेवटची आवृत्ती), ६४ बिट. टास्क मॅनेजर उघडला की डिस्क १०० टक्के, मेमरी ८५ टक्क्यांच्या वर, सीपीयूचा वेग ०.७९ गीगाहर्ट्झ. बॅटरी मेल्यात जमा आहे, त्यामुळे चार्जर कायम लावलेला.

कामं: टॅलीत मेंटेनन्सचे हिशेब, नेटबँकिंग, श्रीलिपीत मराठी नोटिसा, कॅननच्या एलबीपी२९०० वर प्रिंट, आणि सेक्रेटरींच्या डिजिटल सहीचं यूएसबी टोकन.

विंडोज ११ च्या यादीत हा प्रोसेसर बसत नाही हे माहीत आहे. सुरक्षिततेशी खेळ न करता वेग कितपत वाढेल आणि कामं कोणत्या क्रमाने करावीत, एवढं सांगा.

स्क्रूड्रायव्हर
पहिल्यांदा हार्ड डिस्क काढा. बाकी सगळं नंतर.

हिशेब सोपा आहे. ५४०० आरपीएम म्हणजे तबकडीची एक फेरी ११.१ मिलिसेकंदांची. हवा तो भाग डोक्याखाली यायला सरासरी अर्धी फेरी, म्हणजे साडेपाच मिलिसेकंद थांबावंच लागतं. डोकं योग्य ट्रॅकवर न्यायला आणखी १२ च्या आसपास. म्हणजे विखुरलेल्या फायली वाचायच्या तर सेकंदाला साधारण ६० मागण्या पुऱ्या होतात. दर मागणीला ४ केबी धरले तर २४० केबी. विंडोज सुरू होताना अशा हजारो मागण्या एकदम येतात. तुमचं १०० टक्के तिथून येतं.

२.५ इंची, ७ मिमी जाडीची साटा एसएसडी घ्या, म्हणजे फिरती तबकडी नसलेली, जुन्या डिस्कच्याच जागी आणि जोडणीवर बसणारी डिस्क. २५६ जीबी या कामाला पुरे. एनव्हीएमई (पट्टीसारखी, जास्त वेगाची एसएसडी) मागू नका, या पिढीच्या लॅपटॉपमध्ये सहसा ती बसायला जागाच नसते. स्वतःची डीरॅम (आतली वेगवान मेमरी) नसलेली एसएसडीसुद्धा इथे चालेल, फक्त ती गळ्यापर्यंत भरू नका, पाचवा भाग मोकळा ठेवा. आणि नाव न ऐकलेली, अविश्वसनीय स्वस्त २ टीबीची एसएसडी ऑनलाईन दिसली तर तिच्या नादी लागू नका. त्यातल्या कित्येक आतून छोट्या असतात आणि भरत आल्या की जुन्या फायलींवर लिहितात. नवी आली की आधी एच२टेस्टडब्ल्यू या तपासणीच्या प्रोग्रॅमने पूर्ण भरून तपासायची, मगच विंडोज टाकायचं.

नौपाडाकर
+१. रॅम-रॅम करणाऱ्या तटाला माझा रामराम.

पारसिक
नौपाडाकर, कोटी जमली, पण रॅमवाले अगदीच चुकलेले नाहीत. मेमरी ८५ च्या वर म्हणजे विंडोज सतत पेजफाईलवर (रॅम कमी पडली की डिस्कवर वापरायची जागा) लिहितंय, आणि पेजफाईल त्याच डिस्कवर आहे. डिस्कचं निम्मं दुखणं मेमरीतून आलेलं असू शकतं. एसएसडी आधी हे मान्य, पण ४ जीबीवर थांबू नका. टॅली आणि ब्राउझर एकत्र चालवायचं तर ८ हवेत.

टास्क मॅनेजरमध्ये परफॉर्मन्स, मग मेमरी. तिथे 'स्लॉट्स यूज्ड' पुढे २ पैकी १ दिसलं तर ४ जीबीची आणखी एक पट्टी टाका. दोन सारख्या पट्ट्या असल्या की ड्युअल चॅनल (दोन्ही पट्ट्यांशी एकदम देवाणघेवाण) चालू होतं आणि प्रोसेसरमधल्या ग्राफिक्सलाही फायदा होतो. पट्टीवर पीसी३एल-१२८०० लिहिलेलं बघा. त्यातला 'एल' महत्त्वाचा. ती १.३५ व्होल्टची. साधी डीडीआर३ पट्टी १.५ व्होल्टची असते, खाचेत नीट बसते, पण हे मशीन तिच्यावर सुरू होत नाही. मग 'मदरबोर्ड गेला' म्हणून बिल हातात येतं.

सीवूड्सची मावशी
६४ बिट आहे हे धागाकर्त्यांनी आधीच सांगितलं ते बरं केलं. ३२ बिट विंडोज असतं तर ८ जीबी टाकूनही सव्वातीन-साडेतीनच दिसले असते.

आरटीएम
डिस्क काढण्याआधी ती कशी आहे ते बघा. डिस्कची तब्येत दाखवणारा क्रिस्टलडिस्कइन्फो चालवा आणि दोन ओळी वाचा: ०५ म्हणजे बदललेले सेक्टर (डिस्कवरचे छोटे कप्पे), सी५ म्हणजे वाचता न येणारे, निकाल लागायचा बाकी असलेले सेक्टर. या प्रोग्रॅममध्ये कच्चे आकडे मुळात हेक्साडेसिमलमध्ये दिसतात, म्हणून १० दिसलं तर ते १६ आहे.

सी५ शून्य नसेल तर क्लोनिंगच्या, म्हणजे जुनी डिस्क जशीच्या तशी नवीवर उतरवण्याच्या, फंदात पडू नका. क्लोनिंगमध्ये अख्खी डिस्क वाचली जाते, आणि मरायला टेकलेली डिस्क नेमकी तेव्हाच मान टाकते. आधी टॅलीचं डेटा फोल्डर, नोटिसा, बँकेचे पीडीएफ बाहेरच्या ड्राईव्हवर हाताने कॉपी करा. सी७ (डेटा नेताना झालेल्या चुका) वाढलेला असेल तर दोष बहुधा केबलचा किंवा कनेक्टरचा, डिस्कचा नव्हे.

स्क्रूड्रायव्हर
आरटीएम बरोबर. क्लोनपेक्षा नवं इन्स्टॉलेशनच करा. इतक्या वर्षांचा गाळ एसएसडीवर कशाला न्यायचा? ८ जीबीचा पेन ड्राईव्ह, मायक्रोसॉफ्टचं मीडिया क्रिएशन टूल, बस. विंडोज ८ पासूनच्या ब्रँडेड लॅपटॉपची की मदरबोर्डवरच असते आणि विंडोज १० एकदा ॲक्टिव्हेट झालेलं असलं की डिस्क बदलल्यावर आपोआप पुन्हा होतं. दुकानदार त्याचे वेगळे पैसे मागू लागला तर उठून या.

हिशेबनीस
टॅलीचा परवाना? श्रीलिपी?

पारसिक
म्हणून आधी यादी करायची. जुन्या डिस्कवर विंडोज चालू असतानाच टॅलीच्या परवान्याच्या मेन्यूतून तो सरेंडर करा. नव्या इन्स्टॉलेशनवर तोच पुन्हा ॲक्टिव्हेट होतो. सरेंडर न करता फॉरमॅट केलं तर परवाना जुन्या मशीनच्या नावावर अडकतो आणि मग फोनाफोनी. श्रीलिपीचं डोंगल (परवान्याची यूएसबी किल्ली) आहे की ॲक्टिव्हेशन, ते बघा. डोंगल असेल तर प्रश्न नाही, ॲक्टिव्हेशन असेल तर तेही आधी सोडवा. टोकनचा ड्रायव्हर कंपनीच्याच साईटवरून घ्या, व्हॉट्सॲपवर फिरणारी झिप फाईल नको.

टर्बोचार्ज
एवढा खटाटोप कशाला? डिफेंडर (विंडोजचा अँटीव्हायरस) बंद, अपडेट बंद, सिसमेन (प्रोग्रॅम आधीच मेमरीत आणणारी सेवा) बंद, स्पेक्टर-मेल्टडाऊन या प्रोसेसरमधल्या भोकांचे पॅच बंद. फुकटात वेग. शिवाय विंडोजमधलं नको ते काढणारी एक डीब्लोट स्क्रिप्ट मिळते, एका क्लिकमध्ये सगळं साफ.

आरटीएम
ज्या मशीनवर सोसायटीचं नेटबँकिंग आणि सेक्रेटरींची डिजिटल सही आहे, तिथे डिफेंडर बंद? शीर्षकाखालचा प्रश्न पुन्हा वाचा, मालक. 'सुरक्षिततेशी खेळ न करता' असं लिहिलंय.

एकेक घेतो. मेल्टडाऊनच्या पॅचचा मोठा फटका ज्या जुन्या चिपमध्ये पीसीआयडी आणि आयएनव्हीपीसीआयडीची (हा फटका कमी करणारी) सोय नाही त्यांना बसतो. ४००५यू हॅसवेल (इंटेलची चौथी पिढी) आहे, तिच्यात दोन्ही आहेत. पॅच काढून टॅलीला काडीचा फरक पडणार नाही. सिसमेन हार्ड डिस्कवर त्रास देऊ शकतं, एसएसडीवर त्याला हात लावायची गरज नाही. डिफेंडरच्या स्कॅनची वेळ टास्क शेड्युलरमध्ये दुपारच्या सुट्टीवर ढकलता येते, तेवढं करा. पेजफाईल बंद करायला सांगणाराही एक जण येईलच, त्याला आत्ताच नाही म्हणून ठेवतो. ८ जीबीतही ती सिस्टिमवर सोडायची.

डीब्लोट स्क्रिप्ट, रजिस्ट्री क्लीनर आणि ड्रायव्हर अपडेटर हे तिन्ही ॲडमिनचे हक्क मागतात आणि नेमकं काय केलं ते सांगत नाहीत. रजिस्ट्रीतल्या शिळ्या नोंदी काढून वेग वाढत नाही. त्या नोंदी कुणी वाचतच नसतं.

टर्बोचार्ज
बरं बाबा. घरच्या गेमिंग पीसीवर मात्र मी पॅच बंदच ठेवणार.

खाडीकाठ
तुमचा पीसी, तुमची जोखीम. इथे साडेतीनशे फ्लॅटचे पैसे असतील तर वेगळं.

नौपाडाकर
साडेतीनशे आकडा कुठून आला?

खाडीकाठ
ऐरोली म्हटलं की मनात टॉवरच येतात. असो.

विंडोफोडे
मुद्द्याचं कुणी बोलतच नाहीये. विंडोज १० चा आधार १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला. एसएसडी टाकून मशीन पळेल, पण भोकं तशीच राहतील. विंडोजऐवजी लिनक्स मिंट, त्याची हलकी एक्सएफसीई आवृत्ती टाका. २२ ची मालिका २०२९ पर्यंत चालणार, ४ जीबीतही सुरळीत, हॅसवेलचे ड्रायव्हर कर्नलमध्येच आहेत. पेन ड्राईव्हवरून लाईव्ह चालवून बघा, डिस्कला हात लागत नाही.

पारसिक
मिंट चांगलंच आहे, पण यांची कामं बघा. टॅली विंडोजचं. सहीच्या बहुतेक युटिलिटी विंडोज गृहीत धरून लिहिलेल्या. श्रीलिपीच्या जुन्या फायली युनिकोडमध्ये नाहीत, त्या फाँटशिवाय उघडल्या की 'सर्वसाधारण सभा' च्या जागी रोमन अक्षरं आणि चिन्हांचा भाजीपाला दिसतो. आणि एलबीपी२९००! त्याला पीसीएल, पोस्टस्क्रिप्ट या प्रिंटरांच्या नेहमीच्या भाषा कळत नाहीत, कॅननची स्वतःची कॅप्ट भाषा लागते. लिनक्सवर तो चालतो, पण चालवणाऱ्याला चालवून घेतो.

विंडोफोडे
प्रिंटरचं मान्य. एचपी १०२० असता तरी प्रत्येक वेळी चालू केल्यावर त्यात फर्मवेअर भरावं लागतं, एचपीलिपचं (एचपीच्या लिनक्स ड्रायव्हरचं) प्लगइन ते काम मुकाट्याने करतं. २९०० इतका सरळ नाही.

श्रीलिपीचं मात्र मान्य नाही. लिनक्स असो वा विंडोज, नोटिसा युनिकोडमध्ये आणाच. जुन्या फायली कन्व्हर्टरमधून काढा, नव्या थेट युनिकोडमध्ये टंका. मिंटमध्ये आयबस-एम१७एन हे टंकनाचं पॅकेज टाकलं की इनस्क्रिप्ट आहे, फोनेटिक आहे, गमभनसुद्धा आहे. पुढच्या सेक्रेटरींना फाईल मोबाईलवर उघडता आली पाहिजे की नको?

सीवूड्सची मावशी
युनिकोडला दहा वेळा अनुमोदन. कन्व्हर्ट केल्यावर रफार आणि जोडाक्षरं डोळ्यांनी तपासा, 'कार्यकारिणी' आणि 'वार्षिक' हमखास फुटतात. आकड्यांचे तक्ते तर ओळ न् ओळ ताडून बघा.

झटपट
विंडोज ११ च टाका की. रूफस या प्रोग्रॅमने टीपीएम (सुरक्षेची चिप) आणि प्रोसेसरची अट काढून टाकलेला पेन ड्राईव्ह बनतो. या चिपवर विंडोज ११ ची २४एच२ आवृत्तीसुद्धा चालते.

आरटीएम
चालतं, खरंय. २४एच२ ला एसएसई४.२ आणि पॉपसीएनटी या प्रोसेसरच्या सूचना लागतात, ते हॅसवेलमध्ये आहेत. कोअर २ ड्युओवाल्यांचं दार मात्र तिथेच बंद होतं, त्याला पळवाट नाही. पण अशा मशीनला अपडेट मिळतील याची हमी मायक्रोसॉफ्ट देत नाही, आणि दर मोठ्या आवृत्तीला पेन ड्राईव्ह घेऊन बसावं लागतं. घरी हौस म्हणून करा. ऑफिसात, जिथे कमिटी बदलते आणि हे सगळं करणारा माणूसही बदलतो, तिथे नको.

यांच्यासाठी वाजवी वाट म्हणजे ईएसयू, विंडोज १० ला आधार संपल्यावरही सुरक्षा अपडेट देणारी मायक्रोसॉफ्टची योजना. सेटिंग्ज, अपडेट अँड सिक्युरिटी, विंडोज अपडेट. तिथे नोंदणीचा दुवा दिसतो. मशीन २२एच२ वर हवं, मायक्रोसॉफ्ट अकाउंटने लॉगिन हवं. सेटिंग्ज सिंक केल्या तर पैसे लागत नाहीत, नाहीतर रिवॉर्ड्सचे १००० पॉइंट किंवा ३० डॉलर. त्यातून १३ ऑक्टोबर २०२६ पर्यंत सुरक्षा अपडेट येतात. ही योजना वैयक्तिक मशीनसाठी आहे, तेव्हा सोसायटीच्या नावाच्या लॅपटॉपला ती कितपत लागू ते अटी वाचून कमिटीने ठरवावं. डिफेंडरच्या व्हायरस व्याख्या ऑक्टोबर २०२८ पर्यंत येत राहतील, पण त्याने विंडोजमधली भोकं बुजत नाहीत. दोन्हींत गल्लत नको.

खाडीकाठ
दोन गोष्टी राहिल्या. पहिली: रोजच्या वापराला ॲडमिन नसलेलं साधं अकाउंट करा, ॲडमिनचा पासवर्ड सेक्रेटरींकडे. दुसरी: बऱ्याच सोसायट्यांत सीसीटीव्हीचा डीव्हीआर (रेकॉर्डिंगचा डबा), वॉचमनचा मोबाईल आणि ऑफिसचा लॅपटॉप एकाच राउटरवर असतात, आणि डीव्हीआरचा पासवर्ड बसवणाऱ्याने ठेवलेलाच असतो. डीव्हीआरचा पासवर्ड बदला, वॉचमन आणि पाहुण्यांना गेस्ट वायफायवर टाका. नेटबँकिंग आणि डिजिटल सही मात्र अपडेट मिळणाऱ्या दुसऱ्या मशीनवरच करा. टोकन काय, खिशात मावतं. या लॅपटॉपवर टॅली, नोटिसा आणि प्रिंट एवढंच ठेवलं तर अर्धी काळजी मिटते.

आणि उघडणारच आहात तर पंखा साफ करा. आपल्याकडे खाडीची दमट हवा आणि ठाणे-बेलापूर रोडची धूळ, दोन्ही मिळून हीटसिंकच्या जाळीवर नमदा तयार होतो. हवा मारताना पंख्याचं पातं बोटाने धरून ठेवा, नाहीतर तो भलत्या वेगाने फिरतो आणि बेअरिंग जातं. प्रोसेसरवरची जुनी थर्मल पेस्ट ९९ टक्के आयपीएने (आयसोप्रोपिल अल्कोहोलने) पुसा, नवी तांदळाच्या दाण्याएवढी. एखाद्या चिपवर मऊ थर्मल पॅड असेल तर त्याजागी पेस्ट लावू नका. तिथे मुळात फट ठेवलेली असते, पेस्टने ती भरत नाही.

नौपाडाकर
रॅमचे संपर्क खोडरबराने घासायचे ना? सगळे तेच करतात.

स्क्रूड्रायव्हर
सगळे करतात, पण सोन्याचा मुलामा अगदी पातळ असतो आणि रबराचा चुरा स्लॉटमध्ये पडतो. आधी आयपीए आणि लिंट न सुटणारं कापड. पांढरट-हिरवट थर हटलाच नाही तर मऊ रबर, स्लॉटपासून लांब, एकाच दिशेने. आणि काहीही उघडण्याआधी चार्जर काढा, बॅटरीचा कनेक्टर सोडवा, पॉवर बटण काही सेकंद दाबून ठेवा.

बॅटरी फुगली असेल, म्हणजे टचपॅड वर उचलला गेला असेल, तर ती टोचायची नाही, दाबायची नाही. ओल्या-सुक्या कचऱ्यात तर अजिबात नाही, अधिकृत ई-कचरा संकलकाकडे द्यायची.

गप्पूशेठ
सगळे डिस्क आणि रॅमवर तुटून पडलात, पण पहिल्या पोस्टमध्ये 'सीपीयूचा वेग ०.७९' लिहिलंय त्याचं काय? ४००५यू चा वेग १.७ गीगाहर्ट्झ. त्यात टर्बो नाही, त्यामुळे काम पडलं की तो सरळ १.७ वर जायला हवा. मशीन रिकामं असताना ०.८ दिसणं ठीक. हिशेबनीस, टॅलीत मोठा रिपोर्ट काढताना किंवा झिप फाईल उलगडताना आकडा बघून सांगा. आणि लॅपटॉप कोणत्या कंपनीचा, चार्जर कोणाचा, तेही.

हिशेबनीस
बघितलं. सीपीयू १०० टक्के, तरी वेग ०.७८-०.७९, हलत नाही. लॅपटॉप डेल, चार्जर बाहेरचा. सुरू होताना इंग्रजीत ॲडॅप्टरचा प्रकार ओळखता येत नाही असा संदेश येतो, आम्ही एंटर दाबून पुढे जातो.

गप्पूशेठ
सापडलं! डेलच्या गोल प्लगच्या मधोमध एक बारीक पिन असते. त्यातून चार्जर आपण किती वॉटचा ते लॅपटॉपला सांगतो. ती पिन वाकली, तुटली किंवा चार्जरमध्ये ओळखीची चिपच नसली, की लॅपटॉप बॅटरी चार्ज करत नाही आणि प्रोसेसर सर्वात खालच्या वेगाला बांधून ठेवतो. त्याच्या दृष्टीने ते बरोबरच आहे, अनोळखी चार्जरवर जास्त भार कसा टाकायचा? तुमची बॅटरी कदाचित मेलेलीसुद्धा नसेल, तिला चार्जच मिळत नसेल.

आधी टॉर्च मारून प्लगमधली पिन सरळ आहे का बघा. मग खात्रीचा, लॅपटॉपच्या तळाच्या लेबलवर लिहिलेल्या व्होल्टचा आणि तितक्याच किंवा जास्त वॉटचा डेलचा चार्जर कुणाकडून तरी मागून लावा. संदेश गेला आणि आकडा १.७ वर गेला तर निकाल लागला. नाही गेला तर लॅपटॉपचं चार्जिंगचं सॉकेट बदलायचं. ते कित्येक मॉडेलांत छोट्या वायरवर वेगळं असतं, मदरबोर्डला डाग द्यावा लागत नाही. प्रोसेसरचं बंधन मोडणारी सॉफ्टवेअरं मिळतात, ती वापरू नका. चार्जर कमी ताकदीचा निघाला तर तापून जळेल.

पारसिक
कडक. आम्ही सगळे डिस्ककडे बघत बसलो. तरी एसएसडी लागणारच, डिस्कचं १०० टक्के या चार्जरमुळे नाही.

हिशेबनीस
शेजारच्या विंगमधून डेलचा ६५ वॉटचा चार्जर आणला, व्होल्ट ताडून लावला. संदेश गेला, वेग १.६९, बॅटरी चार्ज होतेय असं दाखवतंय. डिस्क अजून १०० वरच. क्रिस्टलडिस्कइन्फोमध्ये सी५ शून्य, ०५ पण शून्य. आता नवा चार्जर, एसएसडी आणि ४ जीबीची पट्टी, तिन्ही एकदम कमिटीपुढे ठेवतो. बँक आणि सही खजिनदारांच्या मशीनवर हलवतोय. जुनी हार्ड डिस्क चांगली आहे तर तिचं काय करावं? डीव्हीडी ड्राईव्हच्या जागी कॅडीत (डिस्क बसवायच्या चौकटीत) बसवावी का?

स्क्रूड्रायव्हर
बसते, पण ड्राईव्हची जाडी आधी मोजा, कॅडी ९.५ आणि १२.७ मिमी अशा दोन मापांत येते. एसएसडी मूळ जागीच ठेवा, काही मॉडेलांत डीव्हीडीची साटा लाईन हळू असते. तुमच्या जागी मात्र मी ती यूएसबी केसमध्ये टाकून बॅकअपला ठेवली असती. रोज टॅलीचा बॅकअप झाला की काढून कपाटात. कायम जोडलेल्या डिस्कवरचा बॅकअप रॅन्समवेअर (फायली लॉक करून खंडणी मागणारा व्हायरस) सगळ्यासकट लॉक करतं. पावसाळ्यात सोबत सिलिका जेलची पुडी ठेवा.

टर्बोचार्ज
आणि कपाटाची किल्ली वॉचमनकडे नको.